रजिस्ट्री आमची, जमीन पुतण्याची

इंदूरला राऊच्या बाजूला प्लॉट बघत असाल, तर बयाणा देण्याआधी हे वाचा.

आमचे कागद चोख होते. वकिलानं उपपंजीयक (रजिस्ट्री) कार्यालयातला सर्च काढला, म्हणजे जुन्या नोंदी तपासल्या; खसऱ्यावर, म्हणजे इकडच्या सातबाऱ्यावर, विकणाऱ्याचंच नाव, बँकेचा बोजा नाही. रजिस्ट्री झाली, नामांतरणही (फेरफार) झालं. विकणारा मामांच्या ओळखीतला, आमच्याकडे पोहे-जिलेबी खाऊन गेलेला. पुढे एके सकाळी कोर्टाचा माणूस कब्जा वॉरंट घेऊन प्लॉटवर हजर.

झालं होतं असं. या जमिनीवरून विकणाऱ्याचा सख्ख्या पुतण्याशी दिवाणी दावा आधीपासूनच चालू होता. आम्हाला प्लॉट विकून झाल्यावर काका-पुतण्यांनी त्याच दाव्यात राजीनामा, म्हणजे आपसातली तडजोड, दाखल केला. कोर्टानं तो मान्य करून हुकूमनामा दिला आणि आमचा तुकडा पुतण्याच्या वाट्याला गेला. आम्ही पक्षकारच नव्हतो, मग नोटीस कोण देणार? पैसे काकाच्या खिशात, जमीन पुतण्याची, आणि दोघं एकाच वाड्यात राहतात!

राजीनाम्याची नक्कल काढली. चतुःसीमा आमच्या रजिस्ट्रीतून जशीच्या तशी उतरवलेली, पूर्वेकडच्या शेजाऱ्याच्या आडनावात टायपिस्टनं केलेली चूकसुद्धा तीच. म्हणजे आमची रजिस्ट्री समोर ठेवूनच तो कागद बनला. आणि खाली सही त्याच गृहस्थाची, ज्यानं आम्हाला 'सम्पत्ति सब प्रकार के भार एवं विवाद से मुक्त है' असं लिहून दिलं होतं.

तिऱ्हाईत म्हणून हरकत घेऊ म्हटलं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ मध्ये नियम ९७ पासून तशी सोय आहे. पण नियम १०२ म्हणतो, दावा चालू असताना हरलेल्या पक्षकाराकडून ज्यानं घेतलं, त्याला ती नाही. मग स्वतंत्र दावा लावावा? तिथे आदेश २३ नियम ३-अ आडवा येतो. २०२० साली त्रिलोकी नाथ सिंह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की दावा चालू असताना घेणाऱ्यालाही तडजोडीच्या हुकूमनाम्याविरुद्ध वेगळा दावा लावता येत नाही.

पुण्याचे मेव्हणे म्हणाले, सर्चमध्ये दावा दिसला कसा नाही? त्यांचंही चुकत नाही. संपत्ती हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ ला १९३९ ची मुंबई दुरुस्ती आहे, म्हणून तिकडे दाव्याची नोटीस रजिस्टर करावी लागते. आमच्या मध्य प्रदेशात कलम मूळ रूपात आहे. नोंद असो वा नसो, दाव्याचा निकाल घेणाऱ्याच्या गळ्यात पडतो. हुकूमनामाही रजिस्टर ऑफिसात सापडेलच असं नाही. डिसेंबर २०२४ मध्ये धार जिल्ह्यातल्याच एका जमिनीबद्दल, मुकेश विरुद्ध मध्य प्रदेश शासन या प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की दाव्यातल्याच जमिनीवरचा आधीपासूनचा हक्क तडजोडीत मान्य झाला असेल तर नोंदणी लागत नाही, मुद्रांक शुल्कही नाही. थोडक्यात, स्वच्छ सर्च रिपोर्टवर भरवसा ठेवून इकडे जमीन घेऊ नका.

आता वकिलाची सगळी भिस्त कलम ५२ मधल्या एका अटीवर आहे: दावा संगनमताचा नसावा. तो तसाच होता, हे सिद्ध करायचं आमच्यावर आहे, आणि ती चतुःसीमा आम्ही पहिल्याच पानावर लावली आहे. अर्ज हुकूमनामा देणाऱ्या त्याच कोर्टात केलाय. फसवणुकीची पोलीस तक्रार वेगळी.

तुम्ही एवढं करा: ई-कोर्ट्स या न्यायालयांच्या वेबसाइटवर विकणाऱ्याचं नाव टाकून इंदूर जिल्हा न्यायालयातली प्रकरणं शोधा. वर्ष एकेक बदलून बघा, चालू आणि निकाली दोन्ही. आडनावाची स्पेलिंग तिथे वाट्टेल तशी असते, म्हणून दोन-तीन तऱ्हांनी टाका. त्याच्या भावांची, पुतण्यांची नावंसुद्धा टाका. आमच्या प्रकरणात काका सापडतच नाही, पुतण्याचं नाव टाकलं की पहिल्या फटक्यात दावा निघतो.