रूपविकारी ताऱ्यांची प्रत: डोळा की कॅमेरा?

रूपविकारी, म्हणजे तेज कमी-जास्त होणारे तारे नोंदवायचं मनावर घेतलं की महिनाभरात हा प्रश्न येतोच. शेजारच्या ताऱ्यांशी ताडून डोळ्यानेच प्रत (तेजाचा आकडा; तारा मंद तितका आकडा मोठा) ठरवायची, की डीएसएलआर ट्रायपॉडवर चढवायचा? मी चार वर्षं नुसत्या डोळ्यावर आणि द्विनेत्रीवर (बायनॉक्युलरवर) काढली, मग कॅमेऱ्याकडे वळलो. गार ठेवलेला मोनो (कृष्णधवल) कॅमेरा आणि व्ही फिल्टर (प्रकाशाचा ठरावीक हिरवट-पिवळा पट्टाच आत सोडणारी काच) हा तिसरा रस्ता मी इथे धरत नाही. तो बाराव्या प्रतीसारख्या मंद ताऱ्यांसाठी, तिथे या दोघांतून निवडायचं काय?

डोळ्याला कमी लेखू नका. ययाती तारकासमूहातल्या अलगोल या ताऱ्याचा सुमारे २ दिवस २१ तासांचा आवर्तनकाळ हौशी निरीक्षक जॉन गुडरिकने १७८३ साली जाहीर केला तो डोळ्याच्याच जोरावर. सामान म्हणजे नकाशा, लाल टॉर्च आणि वही. नकाशावर ताऱ्याशेजारी ३४ लिहिलेलं असतं ते ३.४ समजायचं, दशांशचिन्ह दिलं तर ते टिंबच तारा वाटेल. एक तुलना तारा थोडा ठळक, एक थोडा मंद असा निवडायचा आणि आपला तारा दोघांमध्ये कुठे बसतो ते ठरवायचं. पाच मिनिटांत काम होतं. हात बसला की चूक ०.१ ते ०.२ प्रतीच्या आत राहते. ०.१ प्रत म्हणजे तेजात सुमारे १० टक्के फरक. मीरा हा तारा साधारण ३३२ दिवसांत तिसऱ्या प्रतीच्या आसपासून नवव्यापर्यंत उतरतो आणि परत चढतो. तिथे एवढ्याने काही बिघडत नाही. लाल ताऱ्यांचं मात्र सांभाळा. मृगातल्या काक्षीकडे टक लावून पाहिलं की ती बघताबघता ठळक होत जाते. नजर ओझरतीच ठेवायची.

कॅमेऱ्याचा पसारा मोठा. रॉ फाइल (कॅमेऱ्याने प्रक्रिया न केलेली) हवीच. फोकस मुद्दाम थोडा बिघडवायचा, म्हणजे तारा अनेक पिक्सेलवर पसरतो आणि मधले पिक्सेल भरून जात नाहीत. छायाचित्रणाची सवय असलेल्याला हे फार जड जातं, मलाही गेलं. डार्क (लेन्स झाकून घेतलेल्या) आणि फ्लॅट (एकसारख्या उजळ पृष्ठभागाच्या) फ्रेम्स दुरुस्तीसाठी घ्यायच्या, बऱ्याच फ्रेम्सची सरासरी काढायची, कारण एकाच फ्रेममध्ये लुकलुकणंही मोजलं जातं. मोजताना फक्त हिरवा चॅनल घ्यायचा. तोच व्ही पट्ट्याच्या सर्वांत जवळचा. रात्री दोन तास आकाशाखाली आणि दुसऱ्या दिवशी तेवढाच वेळ संगणकासमोर. वर लेन्सवर दव बसलं तर सगळंच मुसळ केरात. बदल्यात माझे आकडे साधारण ०.०३ च्या आत येतात.

अचूकतेसाठी मी बदललो असतो असं मात्र नाही. कारण वेगळं आहे.

ययातीतला अलगोल. त्याचा मंद जोडीदार तारा पुढून जातो त्या ग्रहणात तो २.१ वरून ३.४ पर्यंत उतरतो, म्हणजे तेज एक तृतीयांशाहूनही कमी राहतं. एका रात्री त्याचा नीचबिंदू, म्हणजे सर्वांत मंद क्षण, साधायचा म्हणून बसलो. कॅमेरा नवा होता, तो नुसता शेजारी चालू ठेवला. वहीत लिहीत गेलो: २.१, २.२, २.४, २.५. तारा उतरताना मला दिसत होता. अपेक्षेइतका उतरत नव्हता, तर म्हटलं धुरकं असेल. दुसऱ्या दिवशी फ्रेम्स मोजल्या. आलेख सपाट! सगळे बिंदू २.१ च्या आगेमागे. आधी कॅमेऱ्यावरच संशय घेतला, मग गणित तपासलं. भाकिताची वेळ ज्युलियन दिवसांत (खगोलातल्या सलग दिवसमोजणीत) होती, आणि ज्युलियन दिवस मध्यरात्री नाही, दुपारी १२ वाजता सुरू होतो, हे मी विसरलो होतो. नीचबिंदू माझ्या वेळेपासून १२ तास दूर, भर दिवसा होता. रात्रभर अलगोल पूर्ण तेजात होता आणि मी तो मंदावताना पाहिला.

तेव्हापासून डोळ्याची ही खोड मला सहन होत नाही. एकदा अपेक्षित आकडा कळला की तो मनातून काढता येत नाही. मीराच्या बाबतीतही हेच होतं, मागच्या आठवड्याची नोंद आठवते आणि पेन्सिल तिच्याच आसपास फिरते. काही निरीक्षक जुनी पानं बघतच नाहीत, भाकितंही वाचत नाहीत. त्यांना जमत असेल, मला जमलं नाही. कॅमेऱ्याच्याही चुका असतात; फ्लॅट नीट नसले किंवा विरळ ढग सरकत गेला तर आकडे भरकटतात. पण तो ढग चेक ताऱ्याच्या (पडताळणीसाठी सोबत मोजलेल्या, तेज न बदलणाऱ्या ताऱ्याच्या) आकड्यांतही उमटतो. माझ्या मनात काय चाललं होतं ते वहीत कुठेच उमटलं नव्हतं.

त्यामुळे दीर्घ आवर्तनाचे, पाच-सहा प्रतींनी बदलणारे तारेच बघायचे असतील आणि रात्री हाताशी वेळ थोडा असेल, तर डोळा पुरे. उगाच खर्चात पडू नका. मीरा मी अजून द्विनेत्रीनेच नोंदवतो. ग्रहणं करणारे किंवा थोड्याच प्रतीने बदलणारे तारे मनात असतील, आणि घरात डीएसएलआर आधीच पडून असेल, तर मी तरी तोच घेईन. अलगोलचं दुसरं, जोडीदार मागे जातो तेव्हाचं उथळ ग्रहण ०.१ प्रतीपेक्षाही कमी खोल असतं, ते डोळ्याला कधीच कळायचं नाही. कॅमेऱ्यावर ते निघतं का, ते सध्या बघतोय. भाकिताची वेळ आता मी बघतो ती बॅटरी पुरेल का, हे ठरवण्यापुरती.