चोरटे सिनेमे सोडून नऊ महिने झाले, त्याचा हिशेब

टेबलाच्या खणात माझी २ टीबीची हार्डडिस्क आहे. तिच्यात परवापर्यंत चारशेच्या वर सिनेमे होते. त्यातले पाहिले किती, हे एका रविवारी मोजायला बसले तर आकडा साठाच्या पुढे सरकेना. बाकी सगळे 'बघू कधीतरी' म्हणून उतरवून ठेवलेले. फुकट मिळतंय म्हटल्यावर माणूस साठेबाज होतो, तशी मी झाले होते.

सोडण्यामागे फार मोठं तत्त्व होतं असं नाही. एका साइटवर खरं 'प्ले'चं बटण शोधत होते (चार असतात, तीन जाहिरातींची), ब्राउझरने कसलीशी परवानगी मागितली आणि घाईत 'अलाउ' दाबलं गेलं. पुढचे चार दिवस स्क्रीनच्या कोपऱ्यात 'तुमच्या संगणकात व्हायरस सापडले' अशा पाट्या. बाबांनी त्यातल्या एका पाटीवरच्या नंबरला फोन लावायची तयारीही केली होती. नोटिफिकेशनची ती परवानगी काढून टाकली तेव्हा पाट्या थांबल्या.

दुसरी गोष्ट जास्त लागली. टोरेंटच्या प्रोग्रॅममध्ये डाउनलोडच्या शेजारी अपलोडचा रकाना असतो, तो मी कधी वाचलाच नव्हता. टोरेंटमागच्या बिटटोरेंट पद्धतीत फाइल तुकड्यातुकड्यांनी इतर वापरणाऱ्यांकडून येते, आणि रचनाच अशी आहे की आलेला तुकडा आपल्याकडून लगेच पुढच्याला जायला लागतो. एका सिनेमासमोर रेशो, म्हणजे घेतल्याच्या किती पट वाटलं तो आकडा, दिसला ३.२. म्हणजे तो सिनेमा मी एकदा घेतला आणि तीनदा वाटला. आपण नुसते बघतो, वाटणारे कुणी दुसरे, ही समजूत तिथे संपली.

आता नऊ महिन्यांचं. एका वेळी एकच सबस्क्रिप्शन घेते. घेतल्या दिवशीच ऑटो-रिन्यू बंद करते. मी वापरलेल्या सेवांत तरी भरलेला महिना पूर्ण मिळाला. पुढच्या महिन्यात दुसरी सेवा. कुठला सिनेमा कुठल्या सेवेवर आहे हे जस्टवॉच या साइटवर आधी बघते, नाहीतर पाच अॅपमध्ये शोधण्यातच संध्याकाळ जाते.

चित्रातला फरक पहिल्या आठवड्यातच कळला. ७०० एमबीची चोरटी फाइल म्हणजे मुळात सीडीवर मावावी म्हणून ठरलेलं माप. दोन तासांचा सिनेमा त्यात कोंबला की सेकंदाला जेमतेम पाऊण मेगाबिट वाट्याला येतो. दिवसाच्या दृश्यांत ते खपून जातं, पण रात्रीच्या दृश्यात काळोखाचे चौकोन चौकोन दिसतात. मी इतकी वर्षं त्याला छायाचित्रणाचा दोष समजत होते! थिएटरमध्ये कॅमेऱ्याने उतरवलेल्या प्रतीबद्दल तर बोलायलाच नको. तिच्यात पुढच्या रांगेतलं डोकं आणि कुणाचा तरी खोकला फुकट.

सबटायटल्सचा छळही गेला. फाइल सेकंदाला २४ फ्रेमची (चित्रांची) आणि सबटायटल्स २५ फ्रेमच्या प्रतीसाठी बनवलेली असली की सुरुवातीला सगळं जुळतं, पण तासाभरात अक्षरं जवळजवळ अडीच मिनिटं पुढे पळतात. बाबांना खुनी कोण हे खून व्हायच्या आधी कळायचं. आता ते निवांत बघतात, आणि तरीही मध्येच विचारतात, "हा कोण गं?"

पण सगळं गोड नाही. पैसे भरूनही लॅपटॉपच्या ब्राउझरवर चित्र पुसट दिसायचं. नेट चांगलं होतं, तरी महिनाभर नेटलाच दोष देत बसले. घोळ कुलपाचा होता. वाइडवाइन नावाची डीआरएम पद्धत आहे, म्हणजे सिनेमाची नक्कल होऊ नये म्हणून लावलेलं डिजिटल कुलूप. तिच्या एल१ पातळीवर चित्र हार्डवेअरच्या सुरक्षित भागात उलगडतं, एल३ वर नुसत्या सॉफ्टवेअरमध्ये, आणि एल३ असेल तर बऱ्याच सेवा पूर्ण एचडी देतच नाहीत. जुना प्रोजेक्टर जोडला तर आवाज स्वच्छ आणि पडदा काळाकुट्ट. तो एचडीसीपी, म्हणजे केबलमधून जाणारं चित्र कुणी उतरवू नये म्हणून लावलेलं कुलूप, जाणत नव्हता. चोरलेली फाइल त्याच प्रोजेक्टरवर मुकाट चालायची. हा राग अजून आहे: कुलपं सगळी पैसे भरणाऱ्याच्याच दाराला.

भाड्याच्या सिनेमाची मुदतही नीट वाचून घ्या. मी घेतला त्याला सुरू करायला ३० दिवस होते, पण एकदा सुरू केला की ४८ तास. शेवटची वीस मिनिटं राहिली असताना घरात आजारपण निघालं. तिसऱ्या दिवशी उघडला तर पुन्हा भाडं मागत होता. भरलं, चडफडत. आणि 'विकत घ्या' या बटणाला फसू नका. तिथे मिळतो तो बघण्याचा परवाना, आणि सेवेचे हक्क संपले तर तोही जाऊ शकतो. खरोखर आपला हवा तो सिनेमा मी आता ब्लू-रे डिस्कवर घेते. मोजून तीन घेतल्या, तिन्ही पाहिल्या.

फुकट आणि कायदेशीर असंही बरंच आहे, हे मला फार उशिरा समजलं. इंटरनेट आर्काइव्ह या ऑनलाइन संग्रहात जुने सिनेमे आहेत. १९६८चा 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड' तिथेच पाहिला. वितरकांनी नाव बदलताना कॉपीराइटची ओळ गाळली आणि तेव्हाच्या अमेरिकन कायद्यानुसार हक्कच उरला नाही. मात्र तिथे आहे म्हणून प्रत्येक गोष्ट मुक्त आहे असं धरू नका, त्या त्या सिनेमाचे हक्क बघा.

नऊ महिन्यांत एकोणतीस सिनेमे पाहिले, पैकी सत्तावीस शेवटपर्यंत. खर्च वाढला, हे उघड आहे.

हार्डडिस्क मी परवा रिकामी केली. एक फाइल सोडून. लहानपणी एकदाच पाहिलेला सिनेमा आहे, डिस्क नाही, कुठल्या सेवेवर नाही. दर महिन्याला जस्टवॉचवर नाव टाकते, दर महिन्याला 'उपलब्ध नाही'. ती फाइल पुसायला हात होत नाही, आणि उघडतही नाही.