सरळ गृहकर्ज की ओव्हरड्राफ्टवालं? वीस वर्षांनी महाग काय पडतं

बडोद्यात भायली, गोत्री किंवा कलालीकडे पन्नास लाखांचा फ्लॅट पाहिला, बानाखत (खरेदीचा करार) झालं आणि चाळीस लाखांचं कर्ज काढायचं ठरलं, की प्रश्न समोर येतो. नेहमीचं मुदतकर्ज घ्यायचं, की ओव्हरड्राफ्टसारखं चालणारं, म्हणजे भरलेले जादा पैसे हवे तेव्हा परत काढता येणारं? दुसऱ्या प्रकारात स्टेट बँकेचं मॅक्सगेन आहे, बँक ऑफ बडोदाचं होम लोन अॅडव्हान्टेज आहे, इतरांचीही आहेत. व्याजदर आणि प्रोसेसिंग फीचे तक्ते तुम्ही पाहिलेच असतील, ते पुन्हा मांडत नाही.

हिशेबाला एकच आकडा धरू: चाळीस लाख, वीस वर्षं, ८.५० टक्के. हप्ता ३४,७१३ रुपये. वीस वर्षांत बँकेला जाणार ८३ लाख ३१ हजार, म्हणजे व्याजच ४३ लाखांच्या वर. पहिल्या हप्त्यातले २८,३३३ व्याजात जातात आणि मुद्दल कमी होतं फक्त ६,३८० रुपयांनी. हेच कर्ज तीस वर्षांचं केलं तर हप्ता सुमारे चार हजारांनी उतरतो आणि व्याज ७० लाख ७२ हजारांवर जातं. पाव टक्का कमी मिळावा म्हणून चार बँका फिरणारे लोक मुदतीचा रकाना मात्र एजंटला भरू देतात. खरी किंमत त्याच रकान्यात ठरते.

ओव्हरड्राफ्टवाल्या कर्जाचा फायदा याच ठिकाणी सांगितला जातो आणि तो खोटा नाही. हातातले जादा पैसे त्या खात्यात टाकायचे. जितके दिवस ते तिथे आहेत तितके दिवस तेवढ्या रकमेवर व्याज लागत नाही. गरज पडली की काढून घ्यायचे, कुणाला विचारायचं नाही. काही बँकांत कर्जखातंच चालू खात्यासारखं असतं, काहींत कर्जाला एक बचत खातं जोडलेलं असतं आणि त्यातली शिल्लक रोजच्या रोज कर्जातून वजा धरतात. परिणाम एकच.

या सोयीसाठी पुष्कळ ठिकाणी दर थोडा चढा असतो. पाव टक्का जास्त धरा, ८.७५. आता दोघांनीही पहिल्याच दिवशी तीन लाख भरले असं समजू. सरळ कर्जात ते मुद्दलातून कायमचे गेले, ओव्हरड्राफ्टमध्ये नुसते ठेवले आणि कधीच हलवले नाहीत. हप्ते मूळ चाळीस लाखांवरचेच ठेवले, तर दोन्ही कर्जं साडेसोळा वर्षांच्या आसपास संपतात. ओव्हरड्राफ्टवाल्याचे एकूण साधारण ९२ हजार जास्त जातात. म्हणजे अडीअडचणीला तीन लाख हाताशी राहण्याची किंमत साडेसोळा वर्षांत ९२ हजार. मला ती फार वाटत नाही. रात्री दोन वाजता दवाखान्यात डिपॉझिट भरायची वेळ आली तर सरळ कर्जात भरलेले तीन लाख काही कामाचे नसतात.

पैसे एरवी एफडीतच राहणार असतील तर ओव्हरड्राफ्टची बाजू आणखी जड होते. साडेसहा टक्क्यांची एफडी वीस टक्क्यांच्या स्लॅबमध्ये कर आणि उपकर जाऊन साधारण ५.१५ टक्के देते. कायम पावणेतीन-तीन लाख शिल्लक राहत असेल, तर पाव टक्क्याचा जादा दर वसूल होतो आणि त्यापुढचं सगळं फायद्यात. शिल्लक त्याहून कमी राहणार असेल, तर नुसतं दर जास्त असलेलं कर्ज घेतल्यासारखं आहे.

आकड्यांवर पाहिलं तर ओव्हरड्राफ्टला नाव ठेवायला फारशी जागा नाही. तरी मी सरळ कर्ज घेतलं, ते एका त्रासापायी.

ओव्हरड्राफ्टवाल्या कर्जाचं स्टेटमेंट डोळ्यांसमोर आणा. तीन लाख ठेवलेले आहेत. पहिल्या महिन्यात व्याज २९,१६७ ऐवजी २६,९७९ लागतं. हप्ता मात्र पूर्ण ३५,३४८ कापला जातो, कारण तो ठरलेल्या वेळापत्रकाचा. मग वाचलेले २,१८८ रुपये कुठे गेले? ते ‘उपलब्ध शिल्लक’ या रकान्यात जमा होतात. अॅप उघडलं की तिथे ३,०२,१८८ दिसतं. वर्षाअखेरी ३ लाख २७ हजार. पाच वर्षांनी, एक रुपयाही न टाकता, ४ लाख ६४ हजार. कर्जखात्यात वाचलेलं व्याज खर्चाला मोकळ्या पैशांच्या वेशात येऊन बसतं, आणि तेही वाढत्या एफडीसारखं. त्याच खात्याला चेकबुक असतं, बहुतेक ठिकाणी कार्डही. धाकट्याची ॲक्टिव्हा, मोठ्या नणंदेकडचं लग्न, बाल्कनीला काचा. प्रत्येक वेळी ‘आपलेच तर पैसे आहेत’ असं वाटतं. वाटायला हरकत नाही, पण ते ४ लाख ६४ हजार काढल्यावर कर्ज मूळ वेळापत्रकावर जवळजवळ जसंच्या तसं उभं राहतं. गाडीचं कर्ज पाच वर्षांत संपतं. इथून काढलेले आणि परत न टाकलेले पैसे गृहकर्जाच्या शेवटच्या महिन्यापर्यंत व्याज खात राहतात.

शिवाय या खात्यात ‘शेवटचा हप्ता कधी’ याचं उत्तर कागदावर कुठेच बदलत नाही. वीस वर्षं म्हणजे वीस वर्षं. मुदत खरोखर कमी करायची तर खात्यातून पैसे काढायची मर्यादाच कायमची घटवायला सांगावी लागते, म्हणजे फिरून सरळ कर्जापाशीच यायचं. आणखी एक गोष्ट: जुन्या कररचनेत मुद्दलाच्या परतफेडीवर जी करसवलत मिळते (‘८० सी’ म्हणून ओळखली जाणारी), ती नुसत्या ठेवलेल्या पैशांवर मिळत नाही.

ज्यांचा हात घट्ट आहे त्यांना हे सगळं किरकोळ वाटेल आणि ते बरोबरच असेल. मंगळ बाजारात नवरात्रीआधी चणियाचोळीचा माल भरणारा दुकानदार, ज्याच्याकडे दोन महिने आठ लाख असतात आणि पुढचे दोन महिने नसतात, त्याच्यासाठी ओव्हरड्राफ्टइतकं सोयीचं साधन नाही. कमिशनवर काम करणारे, कन्सल्टंट, वर्षातून एकदा मोठी रक्कम येणारे, यांचंही तेच. कोयलीच्या रिफायनरीत किंवा जीएसएफसीच्या खत कारखान्यात महिन्याच्या पगारावर असलेल्या माणसाची शिल्लक मात्र हळूहळू साचते आणि एका झटक्यात जाते. त्याच्यासाठी माझा कल सरळ कर्जाकडे आहे. चार-सहा महिन्यांच्या खर्चाची रक्कम वेगळ्या खात्यात ठेवून.

सरळ कर्जातही दोन ठिकाणी पाय घसरतो, आणि तिथे जाणारा पैसा वरच्या ९२ हजारांपेक्षा कितीतरी मोठा आहे.

पहिलं ठिकाण दर वाढतो तेव्हाचं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो) ४ टक्क्यांवरून ६.५० टक्क्यांवर गेला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं बाहेरच्या बेंचमार्कला (बहुतेक रेपोलाच) बांधलेली असल्याने वाढ थेट कर्जदारांपर्यंत पोचली. हप्ता वाढला असता तर लोकांनी आरडाओरडा केला असता. पुष्कळांचा हप्ता तोच राहिला आणि मुदत गुपचूप लांबली. आपल्याच उदाहरणात वर्षभरानंतर दर ८.५० चा ९.५० झाला असं धरा. हप्ता ३४,७१३ च ठेवला तर उरलेले २२८ हप्ते २८५ होतात. ५७ हप्ते जादा, साधारण १९ लाख ७० हजार रुपये. त्याऐवजी मुदत तीच ठेवून हप्ता ३७,१९८ केला, म्हणजे महिन्याला अडीच हजार वाढवले, तर जादा बोजा साडेपाच-पावणेसहा लाखांचा. एवढा फरक एका एसएमएसमध्ये लपलेला असतो. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात रिझर्व्ह बँकेने सांगितलं, की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायचा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे आणि दर तिमाहीला उरलेले हप्ते कळवले पाहिजेत. पर्याय आहे, पण तो मागावा लागतो. दर उतरतात तेव्हा उलट करा: हप्ता उतरवून घेऊ नका, तोच चालू ठेवा. (गृहवित्त कंपन्यांना रेपोच्या बेंचमार्कचं बंधन नाही, त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या पीएलआरवर, म्हणजे त्यांनीच ठरवलेल्या मूळ दरावर चालतो, म्हणून तिथे दर कसा बदलतो ते आधी विचारून घ्या.)

दुसरं ठिकाण मधेच रक्कम भरण्याचं. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर बँका मुदतपूर्व फेडीचा दंड घेऊ शकत नाहीत, २०१२ पासून. तेव्हा दिवाळीचा बोनस बेलाशक भरा. पण पहिल्या वर्षाअखेरी एक लाख भरल्यावर बँक दोनांपैकी एक काहीतरी करते. मुदत तीच ठेवून हप्ता ८८५ रुपयांनी उतरवला, तर उरलेल्या काळात व्याज वाचतं साधारण १ लाख २ हजार. हप्ता तोच ठेवून मुदत घटवली, तर जवळजवळ चौदा हप्ते उडतात आणि व्याज वाचतं ३ लाख ७८ हजार. यात जादू काही नाही, पहिल्या प्रकारात ८८५ रुपये दरमहा तुमच्या खिशात राहतात म्हणून व्याज कमी वाचतं. पण ते ८८५ रुपये कुणी बाजूला काढून ठेवल्याचं ऐकिवात नाही. काही ठिकाणी तर अशी रक्कम ‘आगाऊ हप्ता’ म्हणून पडून राहते आणि मुद्दलाला लागतच नाही. म्हणून एनईएफटी करून थांबू नका. अर्ज द्या आणि नवीन वेळापत्रकाची प्रत घ्या. तिच्यात शेवटच्या हप्त्याचा महिना अलीकडे आला का, एवढं पाहिलं तरी पुरे. नवीन वेळापत्रकातल्या त्या अलीकडे सरकलेल्या महिन्याची उणीव, खरं सांगायचं तर, ओव्हरड्राफ्टवाल्या कर्जात मला सगळ्यात जास्त जाणवली असती.

बाकीचे खर्च दोन्ही प्रकारांत सारखेच, तरी दोन-तीन सांगून टाकतो. तीस ते पंच्याहत्तर लाखांच्या कर्जात बँक किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देते आणि त्या किमतीत स्टँप ड्युटी धरत नाही. गुजरातेत स्टँप ड्युटी ४.९ टक्के आणि नोंदणी १ टक्का, म्हणजे पन्नास लाखांच्या दस्तावेजावर २ लाख ९५ हजार रोख लागणार. घर फक्त स्त्रीच्या नावावर असेल तर नोंदणीचे पन्नास हजार माफ. पण मग हप्ता भरणाऱ्या नवऱ्याला, तो मालक नसल्याने, करसवलत मागता येत नाही. अर्थात नव्या कररचनेत स्वतः राहत्या घराच्या व्याजाला सवलत नाहीच, तेव्हा ‘कर वाचतोय, कर्ज राहू द्या’ हा सल्ला देणाऱ्याला आधी तुमची कररचना कोणती ते विचारू द्या.

आणि कर्जासोबत चिकटवलेला विमा. ऐंशी हजारांचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला तर महिन्याला ६९४ रुपये, वीस वर्षांत १ लाख ६६ हजार. तो घेतल्याशिवाय कर्ज मिळणार नाही असं कुणी म्हटलं तर लेखी द्या म्हणा, विषय तिथेच मिटतो. टर्म पॉलिसी वेगळी घ्या.

मंजुरीपत्रावर सही करताना ‘मुदत बदलल्यास’ या अर्थाचं कलम शोधून वाचा, ते बहुतेक आतल्या पानावर असतं. आणि पैसे भरताना अर्जात गोलमाल शब्द नकोत. ‘सदर रक्कम मुद्दलात जमा करून मासिक हप्ता कायम ठेवावा व कर्जाची मुदत कमी करावी, सुधारित वेळापत्रक द्यावे’ असं लिहा, खाली तारीख टाका आणि दुसऱ्या प्रतीवर शाखेचा शिक्का घ्या.