गेममध्ये स्वतःचं काही घालायचंय: आयपॉड व्हिडिओ घ्यावा की सान्सा फ्यूझ?

दोन्ही जुने संगीत प्लेअर. त्यांवर रॉकबॉक्स, म्हणजे कंपनीच्या मूळ फर्मवेअरच्या (प्लेअर चालवणाऱ्या सॉफ्टवेअरच्या) जागी बसणारं विनामूल्य सॉफ्टवेअर, टाकायचं हे तुमचं ठरलेलं आहे, असं धरून लिहितो. मूळ फर्मवेअरमध्ये राहून गेमना हात लावता येत नाही, हे दोन दिवसांत कुणालाही कळतं. ॲपलने सप्टेंबर २००६ पासून आयपॉडसाठी टेट्रिस, पॅकमन, झूमा असे गेम ४.९९ डॉलरला विकले, पण ते सगळे कुलूपबंद होते आणि २०११ मध्ये ती विक्रीही बंद झाली. त्यांत स्वतःचं काही घालायची सोय होती ती फक्त आयक्विझ या प्रश्नमंजुषेच्या गेममध्ये. त्यासाठी प्रश्न तयार करण्याचं वेगळं सॉफ्टवेअर मिळायचं. सान्साच्या मूळ मेनूत तर गेम हा विषयच नव्हता.

तेव्हा प्रश्न उरतो तो कुठल्या प्लेअरवर हा उद्योग करायचा एवढाच. माझ्याकडे दोन्ही आहेत: साडेपाचव्या पिढीचा ३० जीबी आयपॉड व्हिडिओ आणि पहिल्या आवृत्तीचा ४ जीबी सान्सा फ्यूझ. आयपॉड आधी आला आणि बराच काळ तोच वापरला. फ्यूझ नंतर जुन्या बाजारात मिळाला, तोही गाणी ऐकायला म्हणून घेतलेला.

सुरुवात आयपॉडच्या बाजूने करतो, कारण पहिल्या नजरेला तोच जिंकतो. पडदा ३२० बाय २४०, अडीच इंची. फ्यूझचा २२० बाय १७६, दोन इंचांनाही किंचित कमी. माझ्या आयपॉडमध्ये ३२ एमबी मेमरी आहे (६० आणि ८० जीबीवाल्यांत ६४), फ्यूझमध्ये ८. डूम हा जुना गोळीबाराचा गेम खेळायचा असेल तर हा फरक लगेच जाणवतो. मूळ डूम ३२० बाय २०० मध्ये काढलेला आहे, म्हणजे रुंदीला तो आयपॉडच्या पडद्यावर ठिपक्याला ठिपका बसतो. १९९३ साली संगणकासाठी बनवलेला गेम २००६ च्या गाण्यांच्या डबीत इतका चपखल बसावा, याचा मला अजून आनंद होतो.

आणि डूम हा बदल करणाऱ्यांसाठी बनलेला गेमच आहे. त्याच्या लेव्हल, चित्रं, आवाज असं सगळं वॅड नावाच्या फाइलीत वेगळं ठेवलेलं. लोक १९९४ पासून स्वतःच्या वॅड बनवत आले आहेत. रॉकबॉक्समध्ये डूमचं एक फोल्डर असतं, त्यात मूळ वॅड ठेवायची आणि आतल्या ॲडऑन फोल्डरमध्ये आपली. आयपॉडवर मी पुष्कळ वॅड चालवून पाहिल्या. त्या जुन्या, साध्या घडणीच्या असतील तर बहुतेक चालतात. फ्यूझवर डूम चालतो, पण मी तिथे विनामूल्य पहिल्या भागाच्या पुढे गेलो नाही. छोट्या पडद्यावर दूरचा शत्रू म्हणजे दोन-चार ठिपके उरतात, डोळे दुखतात. तुम्हाला मुख्यतः डूमच्याच लेव्हल बनवायच्या असतील, तर पुढचं वाचलं नाही तरी चालेल, आयपॉड घ्या.

गेमबॉयचं (निन्टेंडोच्या हातात धरायच्या जुन्या गेमयंत्राचं) मात्र उलटं आहे. त्याचा पडदा १६० बाय १४४. फ्यूझवर तो न ताणता जसाच्या तसा मावतो, भोवती थोडी काळी चौकट राहते आणि चित्र कोरल्यासारखं दिसतं. आयपॉडवर पडदाभर ताणायचं तर ते पूर्ण पटीत बसत नाही, काही ठिपके जाड होतात, काही बारीक. अक्षरं वाचताना ते खुपतं. रॉकबॉयच्या (गेमबॉयचे गेम चालवणाऱ्या रॉकबॉक्समधल्या प्रोग्रामच्या) मेनूत न ताणण्याचा पर्याय आहे, पण मग मोठ्या पडद्यात मधोमध एक तिकिटाएवढी खिडकी उरते. शिवाय आयपॉडवर बटणं इतकी कमी की रॉकबॉयचा मेनू उघडायला होल्डची पट्टी सरकवावी लागते. ही अडचण मी म्हणणार नाही, सवय होते. पण दुसऱ्या कुणाच्या हातात दिला की पहिला प्रश्न तोच येतो: यातून बाहेर कसं पडायचं?

आता ज्या गोष्टीने माझा निर्णय झाला तिच्याकडे येतो. ती पडद्याचीही नाही आणि बटणांचीही नाही.

मला सर्वांत जास्त लळा लागला तो सोकोबानचा. १९८२ मध्ये जपानमध्ये आलेला हा गेम. नावाचा अर्थ गोदामाचा राखणदार. पेट्या ढकलायच्या, ओढता येत नाहीत, सगळ्या ठरलेल्या जागी न्यायच्या. रॉकबॉक्समध्ये याची लेव्हल म्हणजे साधी टेक्स्ट फाइल. # म्हणजे भिंत, @ म्हणजे माणूस, $ म्हणजे पेटी, टिंब म्हणजे पेटीची जागा. फाइलचं शेपूट एसओके असं ठेवलं की प्लेअरवर तिच्यावर क्लिक करताच गेम उघडतो. प्रोग्रामिंग येण्याची गरज नाही. नोटपॅड पुरतं.

मी त्यात आजोळचा वाडा काढला. दिंडी दरवाजा, मधला चौक, चौकाला लागून ओसरी, आत माजघर, डावीकडे कोठीची खोली, मागे परसदार. पेट्या म्हणजे सुगीनंतर आलेली धान्याची पोती. ती दारातून चौकात, चौकातून माजघरातून कोठीत न्यायची. आईने पाहिलं तेव्हा ती म्हणाली, "अरे, कोठीचं दार माजघरात नव्हतं, ओसरीवर होतं." म्हणजे भिंत बदलली. भिंत बदलली की पोतं कोपऱ्यात अडकायला लागलं. ते सोडवायला ओसरी एका घराने रुंद केली, तर सगळी लेव्हल फारच सोपी झाली. चांगली लेव्हल अशीच होते. एक चिन्ह बदलायचं, खेळून पाहायचं, परत बदलायचं. एका संध्याकाळी वीस-पंचवीस वेळा.

आयपॉडवर यातली प्रत्येक वेळ म्हणजे एक पूर्ण फेरी. केबल लावा. डिस्क घरघरत जागी होईपर्यंत थांबा. संगणकावर तिचं चिन्ह येऊ द्या. फाइल बदला, सेव्ह करा. मग सुरक्षितपणे बाहेर काढा, आणि दर तिसऱ्या-चौथ्या वेळी संगणक सांगतो की डिस्क अजून वापरात आहे. तसंच ओढून काढलं तर फाइलींची वाट लागते, ते मी एकदा अनुभवलंय. सगळी गाणी पुन्हा भरावी लागली. केबल काढली की रॉकबॉक्स परत मेनूवर येतं, मग फोल्डर शोधा, फाइल उघडा, डिस्क पुन्हा फिरते, आणि तेव्हा कळतं की एक # एका घराने डावीकडे पडलाय. घड्याळ लावून मोजलं नाही. पण गॅसवर दूध ठेवून एक फेरी करायला बसलो आणि ते उतू गेलं, असं दोनदा झालंय.

फ्यूझच्या बाजूला मायक्रोएसडीची फट आहे. लेव्हलच्या फाइली मी कार्डावर ठेवतो. कार्ड काढायचं, रीडरमध्ये घालायचं, बदल करायचा, परत प्लेअरमध्ये. प्लेअर बंद करावा लागत नाही; रॉकबॉक्स चालू असतानाच कार्ड काढता-घालता येतं आणि फाइलींच्या यादीत ते वेगळं फोल्डर म्हणून दिसतं. प्लेअर स्वतः संगणकाला जोडलेला नसल्यामुळे तो सतत हातात राहतो. ऐकताना हे किरकोळ वाटेल. पण ज्या दिवशी आईच्या सांगण्यावरून वाडा बदलत होतो, त्या दिवशी तिच्याशी बोलणं न तोडता मी कोठीचं दार तीन ठिकाणी हलवून पाहिलं. आयपॉडवर तसं कधीच झालं नसतं. तिथे प्रत्येक फेरीत बोलणं तुटतं आणि मन दुसरीकडे जातं.

पुढे तर संगणकही सुटला. फोनला लावायचा छोटा कार्ड रीडर घेतला. डेक्कन क्वीनमध्ये बसून फोनवर लेव्हल लिहायची, कार्ड फ्यूझमध्ये टाकायचं, कर्जत येईपर्यंत खेळून पाहायची. सुडोकूची कोडी, गो खेळाचे डाव, चिप-८ या जुन्या, साध्या पद्धतीचे छोटे गेम, लुआ या प्रोग्रामिंगच्या भाषेत लिहिलेल्या स्क्रिप्ट, या सगळ्या अशाच सुट्या फाइली आहेत आणि कार्डावरून उघडतात. लुआचं विशेष सांगायला हवं, कारण तिथे गेमचे नियमसुद्धा टेक्स्ट फाइलमध्येच असतात. रॉकबॉक्सबरोबर पिक्सेल पेंटर आणि बूमशाइन हे लुआतले गेम येतात. त्यांची प्रत काढून एकेक आकडा बदलत गेलात, तर थोडं प्रोग्रामिंग आपोआप शिकाल.

आयपॉडवाले मित्र म्हणतात की डिस्क काढून आत एसडी कार्डाचा अडॅप्टर बसव. बसवला. घरघर गेली, वजन उतरलं, फाइली लवकर उघडू लागल्या. आयपॉड ठेवणार असाल तर हे जरूर करा. पण ते कार्ड धातूच्या पाठीमागे बंदिस्त असतं, फेरी केबलचीच राहते.

आता ज्यांना चित्रं बदलायची आहेत त्यांच्यासाठी. ज्युवेल्समधली रत्नं, ब्रिकमेनियातल्या विटा, सॉलिटेअरचे पत्ते ही चित्रं सुट्या फाइलीत नसतात; ती गेम बांधताना आतच मिसळली जातात. म्हणजे रॉकबॉक्सचा सोर्स (मूळ लिहिलेला प्रोग्राम) उतरवायचा, लिनक्सवर त्यांच्या स्क्रिप्टने एआरएमचा कंपायलर, म्हणजे सोर्सचं प्लेअरला कळेल अशा रूपात भाषांतर करणारा प्रोग्राम, बांधायचा (माझ्या जुन्या लॅपटॉपवर अख्खी दुपार गेली), चित्र बदलायचं आणि गेम पुन्हा बांधायचा. गणपतीत मी ज्युवेल्समध्ये रत्नांच्या जागी मोदक, जास्वंद, दूर्वा, केवडा, नारळ बसवले. इथे दोन्ही प्लेअर जवळपास सारखेच, कंपायलरही एकच चालतो. मात्र प्रत्येक पडद्याच्या मापाला चित्रांची फाइल वेगळी असते. आयपॉडसाठी काढलेला मोदक फ्यूझवर तसाच जात नाही, लहान मापात पुन्हा काढावा लागतो, आणि इतक्या थोड्या ठिपक्यांत मोदकाच्या कळ्या दाखवणं ही एक वेगळीच कला आहे. मोठ्या चित्रांचा आनंद आयपॉडवर जास्त, हे मान्य.

एक सूचना दोघांनाही लागू. बांधलेला गेम आणि प्लेअरवरचं रॉकबॉक्स एकाच आवृत्तीचं हवं, नाहीतर प्लेअर तो उघडतच नाही. म्हणून एकटा गेम टाकण्यापेक्षा सगळं रॉकबॉक्सच पुन्हा बांधून टाकणं बरं पडतं. आणि संगणकावर सिम्युलेटरही बांधता येतो. त्यात फ्यूझचा किंवा आयपॉडचा पडदा खिडकीत उघडतो आणि बरीचशी चाचणी तिथेच होते. सिम्युलेटर वापरणाऱ्याला माझी केबलची तक्रार तितकीशी लागू होणार नाही, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. मला तो चित्रांसाठी उपयोगी पडला. लेव्हलसाठी नाही, कारण पाचव्यांदा तोच कोपरा आला की अंगठा कंटाळतो की नाही, ते कीबोर्डवर कळत नाही.

फ्यूझचे दोषही आहेत. चार्जिंगची केबल त्याची स्वतःची. आयपॉडच्या केबलसारखी दिसते पण चालत नाही, आणि हरवली तर शोधत बसावं लागतं. म्हणून प्लेअर केबलसकटच घ्या. चाक खरोखर फिरणारं असल्यामुळे वर्षांनंतर त्यात धूळ बसते आणि ते अडखळतं. घेण्याआधी दुकानातच दहा वेळा फिरवून पाहा. मूळ फर्मवेअरच्या माहितीत त्याचा आकडा ०१ ने सुरू होत असेल तर प्लेअरची पहिली आवृत्ती, ०२ ने तर दुसरी. दोन्हींवर रॉकबॉक्स चालतं, फक्त प्रत्येकीची फाइल वेगळी असते, ती चुकवू नका.

आयपॉड घेणार असाल तर तो मॅकवर तयार केलेला नाही ना, ते आधी विचारा. मॅकच्या पद्धतीने फॉरमॅट केलेली डिस्क रॉकबॉक्सला वाचता येत नाही. तो विंडोजवरून नव्याने रिस्टोअर करावा लागतो आणि आतलं सगळं पुसलं जातं. मी घेतला तेव्हा विकणाऱ्याने हे सांगितलं नव्हतं आणि आतली जुनी नाट्यगीतं गेली, त्याची हळहळ अजून आहे.

माझा आयपॉड आता टेबलावर स्पीकरला जोडलेला असतो, रात्री त्यावर डूमचा एखादा डाव होतो. फ्यूझ खिशात. साताऱ्याला भाचा आहे, त्यालाही एक फ्यूझ मिळवून दिला. आमच्यात आता कार्डं फिरतात. येणाऱ्या-जाणाऱ्याच्या हाती पाकिटात घालून पाठवतो. परवाच्या कार्डावर त्याने वाड्याच्या परसदारी विहीर काढली होती आणि विहिरीला लागून दोन पोती. मी तीन दिवस प्रयत्न केला, दुसरं पोतं काही कोठीत जाईना. शेवटी फोन केला तर म्हणाला, "मामा, विहिरीला मागून फेरी घालायची. आजीने सांगितलं, तिकडून वाट होती."