सेंडिंग स्टोन्स: आठ महिन्यांच्या कॅम्पेननंतर

डन्जन्स अँड ड्रॅगन्स या टेबलावर फासे टाकून खेळायच्या भूमिका-खेळातली, लांबवर निरोप पोहोचवणारी ही जादूच्या दगडांची जोडी 'अनकॉमन' (फार दुर्मीळ नसलेल्या) दर्जाची आहे आणि तिला अट्यूनमेंट (वापरण्याआधी वस्तूशी जुळवून घेणं) लागत नाही, म्हणून पार्टीच्या, म्हणजे खेळाडूंच्या पात्रांच्या गटाच्या, हाती ती लवकर पडते. पुढचं सगळं पाचव्या आवृत्तीच्या २०१४ च्या नियमांप्रमाणे, आणि मराठीत खेळणाऱ्या टेबलावर वापरून पाहिलेलं.

वापर सोपा आहे. दगडाला हात लावायचा, एक अॅक्शन (आपल्या पाळीतली मुख्य कृती) खर्च करून त्यातून सेंडिंग हा स्पेल, म्हणजे जादू, टाकायची आणि २५ शब्दांपर्यंतचा निरोप सांगायचा. जोडीचा दुसरा दगड ज्याच्याजवळ असेल त्याला तो मनात ऐकू येतो, आणि त्याला लगेच तेवढ्याच शब्दांत उत्तर देता येतं. अंतराची अट नाही. दोघं वेगवेगळ्या प्लेनवर (खेळातल्या वेगळ्या विश्वांत) असतील तर मात्र निरोप न पोहोचण्याची शक्यता ५ टक्के. वीस बाजूंचा फासा टाका, १ पडला की गेला.

सगळ्यात जास्त घोळ होतो तो वापराच्या मोजणीत. प्रत्येक दगड दिवसातून एकदा, असं बरेच प्लेअर धरून चालतात. तसं नाही. एकाने निरोप पाठवला की दोन्ही दगड पुढच्या पहाटेपर्यंत बंद. म्हणजे दोन गट वेगळे होण्याआधीच ठरवायला हवं: आजचा निरोप कोण पाठवणार? सकाळीच 'पोहोचलो, सगळं ठीक' असं कळवून जोडी संपवली, तर संध्याकाळी पकडलं गेल्यावर हातात काही उरत नाही.

आता शब्दमर्यादा. ती इंग्रजी डोळ्यांसमोर ठेवून आखलेली आहे आणि मराठी तिला सहज वळसा घालते. 'राजवाड्यामागच्या तळघरातून' हे आपले दोन शब्द. इंग्रजीत यालाच सहा लागतात. विभक्तीचे प्रत्यय आणि शब्दयोगी अव्ययं शब्दाला चिकटतात, त्यामुळे २५ शब्दांत बराच जास्त मजकूर मावतो. नमुना बघा:

'कैदी तिसऱ्या घराच्या तळघरात. पायाला जखम, चालता येत नाही. पाच पहारेकरी, दोन कुत्रे. अमावस्येच्या रात्री पहारा बदलतो. बोट कुठे आणू? माणसं किती? खूण पिंपळ.'

हे २४ शब्द झाले. जागा, अवस्था, पहारा, वेळ, दोन प्रश्न आणि परवलीचा शब्द, सगळं बसलं. तारेचा मजकूर लिहिलेल्या पिढीला ही काटकसर शिकवावी लागणार नाही. प्रश्न 'कुठे', 'किती' असे विचारा; 'आणू का?' विचारलं की समोरच्याचे २५ शब्द एका 'हो'वर वाया जातात. टेबलासाठी आमचा नियम असा: मर्यादा २० शब्दांची आणि जागच्या जागी रचलेले समास चालणार नाहीत. 'दर्यादरवाजा' हे गावातलं नाव असेल तर एक शब्द, पण 'पाचपहारेकरीदोनकुत्रे' म्हणजे चारच. बोलण्याआधी कागदावर लिहायला एक मिनिट द्यावं, नाहीतर बोटांवर शब्द मोजण्यातच सेशनची लय तुटते.

परवलीचा शब्द वर मुद्दाम घातलाय. दगडातून निरोप जातो तो माणसाला नाही, दगड बाळगणाऱ्याला. ऐकणारा ओळखीचा असेल तर पाठवणारा कोण ते त्याला कळतं, पण उत्तर आपल्याच माणसाचं आहे याची हमी नियम देत नाहीत. दगड चोरीला गेला तर तुमचा बेत थेट चोराच्या डोक्यात जातो. भाषेची आडकाठीही त्याला होत नाही, कारण अर्थ कळतोच. आधी ठरवलेला शब्द उत्तरात आला नाही, तर तो दगड शत्रूकडे आहे असं समजून वागा. दगड कुणाजवळच नसेल तर ते वापरताक्षणी कळतं आणि त्या दिवसाचा वापरही शिल्लक राहतो.

लपवायचा असेल तर शिशाच्या पातळ पत्र्याची डबी करून घ्या. जादू हुडकणाऱ्या डिटेक्ट मॅजिक या स्पेलला त्यातलं दिसत नाही. आणि वस्तूतून टाकलेल्या स्पेलला मंत्र, हातवारे काही लागत नाही, म्हणून आवाज दाबून टाकणाऱ्या सायलेन्स स्पेलच्या घेऱ्यातूनही निरोप जातो. कैदेसाठी हा फार मोठा गुण आहे.

'पुढच्या पहाटेपर्यंत' म्हणजे २४ तास नव्हे, हेही कामाला येतं. उजाडण्याआधी एक आणि उजाडल्यावर दुसरा, असे लागोपाठ दोन निरोप पाठवता येतात. दोन दगड लांबच्या देशांत असतील तर पहाट कुठली धरायची हे नियमात नाही. दोन्हीकडे उजाडल्याशिवाय जोडी जागी होत नाही, असं डीएमने (खेळ चालवणाऱ्याने) आधीच सांगून टाकावं.

प्राण्याकरवी निरोप धाडणारा अॅनिमल मेसेंजर हा स्पेल स्वस्त पर्याय, पण निरोप एकाच दिशेने जातो आणि पक्षी दिवसाला ५० मैल, म्हणजे साधारण ८० किलोमीटरच कापतो. पाचव्या लेव्हलला विझर्ड (जादूगार पात्र) स्वतः सेंडिंग टाकू शकतो खरा, पण तेव्हा त्याच्याकडे तिसऱ्या लेव्हलचे स्पेल टाकायचे दोनच स्लॉट असतात आणि एक निरोप म्हणजे लढाईतला एक फायरबॉल (आगीचा स्फोट करणारा स्पेल) कमी. म्हणून तेव्हाही जोडी विकू नका. दुसरा दगड पार्टीबाहेरच्या, शहरात राहणाऱ्या भरवशाच्या माणसाकडे ठेवा: खानावळवाली, बंदरावरचा कारकून, देवळाचा पुजारी. त्याला परवलीचा शब्द तोंडपाठ करायला लावा आणि दगड उशाला ठेवू नका, अंगावर बाळगा असं बजावा.