गेमवरचा रीबूट पाहायचाय: थिएटर, ओटीटी की टेलिग्राम?

गेमवरची चित्रपटमालिका नव्याने सुरू होते तेव्हा जुने चाहते आधीच धास्तावलेले असतात. ‘रेसिडेंट ईव्हिल’चंच घ्या. मूळ गेम १९९६ चा. २००२ ते २०१६ या काळात त्यावर सहा चित्रपट आले आणि त्यांची नायिका ॲलिस गेममध्ये नव्हतीच. २०२१ च्या रीबूटने ते सगळं बाजूला ठेवून पहिल्या दोन गेममधला वाडा आणि पोलीस ठाणं पुन्हा उभं केलं. चाहत्यांनी वर्षानुवर्षं हेच मागितलं होतं. तरी जुन्या सहांनी मिळून शंभर कोटी डॉलरहून जास्त कमावले, तर रीबूट पाच कोटींपर्यंतही गेला नाही. ‘मॉर्टल कॉम्बॅट’ या आणखी एका गेमवरच्या चित्रपटमालिकेचा दुसरा भाग १९९७ मध्ये आपटला आणि पुढचा यायला २०२१ उजाडलं.

म्हणून असा चित्रपट कुठे पाहायचा, हा प्रश्न मला महत्त्वाचा वाटतो. पुढचा भाग काढायचा की नाही, हे तिकीट आणि ओटीटीचे आकडे बघूनच ठरतं. टेलिग्रामवर पाहणाऱ्याची आवड त्यात कुठेच धरली जात नाही.

भयपट असेल तर थिएटरला तोड नाही. अंधार आणि आवाज, दोन्ही तिथेच नीट पोचतात. चौघांनी नाशिकच्या सिटी सेंटर मॉलला जायचं तर तिकिटं आणि पॉपकॉर्न मिळून खिसा हलका होतो, हे खरं. सकाळचा किंवा मधल्या वारचा खेळ बघा, बराच फरक पडतो.

ओटीटीवर यायला बहुतेकदा काही आठवडे थांबावं लागतं, तोवर शेवट कुणीतरी फोडतोच. पण घरातले सगळे एकत्र बसतात, सबटायटल मिळतात आणि खर्च थोडक्यात भागतो. पैसे नसताना थांबणं हा अगदी सरळ मार्ग आहे.

टेलिग्रामची कॉपी फुकट असते. पडद्यावरून चोरून चित्रित केलेली असेल तर काळोखातले प्रसंग नुसते काळे ठोकळे दिसतात. “कंपनी गब्बर आहे, माझ्या दोनशे रुपयांनी काय होणार?” हे कॉलेज रोडच्या कट्ट्यांवर नेहमी ऐकू येतं. मला ते पटत नाही. तिकिटातला मोठा वाटा थिएटरकडेच राहतो आणि त्यावर इथल्याच डोअरकीपरचा, ऑपरेटरचा पगार निघतो. डिजिटल प्रिंटमध्ये अदृश्य खूण असते, त्यामुळे चोरी कुठल्या थिएटरात झाली ते कळतं आणि पहिली चौकशी याच माणसांची होते. चोरून चित्रित करणाऱ्याला आणि ते पसरवणाऱ्याला सिनेमॅटोग्राफ कायद्याच्या २०२३ च्या दुरुस्तीनुसार तीन महिने ते तीन वर्षं कैद आहे. दंड तीन लाखांपासून निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत जाऊ शकतो. फाळक्यांनी विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून लंडन गाठलं, पुढे याच नाशकात चित्रपट काढले. त्या शहरात तरी सिनेमात घातलेला पैसा तिकिटातूनच परत येतो, हे वेगळं सांगायला लागू नये.

एखादा जुना चित्रपट भारतात कुठेच अधिकृतपणे मिळत नसेल, तर पाहणाऱ्याला मी तितक्याच जोरात दोष देणार नाही. नव्या रीबूटला ही सबब चालत नाही.

चित्रपट ज्या गेमवर आहे तो तुम्ही खेळला असाल तर पहिल्याच आठवड्यात थिएटरला जा, नाहीतर ओटीटीची वाट पाहा. तयारी म्हणून ‘रेसिडेंट ईव्हिल’चे जुने सहाही भाग पाहत बसू नका, २००२ चा एक पुरे.