शब्द बदलायचे, नव्यानं लिहायचं की अवतरणात टाकायचं? प्रोजेक्टवाल्यांसाठी

सबमिशन जवळ आलं की आमच्या बेळगावात डीटीपीच्या दुकानात एक वाक्य हमखास ऐकू येतं, 'जरा शब्द तेवढे बदलून द्या की'. गेल्या वर्षी खानापूरचा माझा मावसभाऊ एमएचं डिझर्टेशन, म्हणजे प्रबंध, घेऊन आला, मी म्हटलं अरे हे पुस्तकातलंच उचललंयस, तर म्हणतो, 'कॉपी कुठं केलोय दादा, सगळे शब्द बदललोय की'. आणि खरंच बदलले होते, तीच तर भानगड होती.

पुस्तकातलं वाक्य साधारण असं समजा: 'मलप्रभा नदी खानापूर तालुक्यात कणकुंबी येथे उगम पावते व पुढे कृष्णेला मिळते.' आता समानार्थी शब्दांची यादी घेऊन बसा. नदीची झाली सरिता, उगमचा झाला उदय, मिळतेचं झालं लाभते. 'मलप्रभा सरिता कणकुंबी येथे उदय पावते व पुढे कृष्णेला लाभते.' लाभते म्हणे, लग्नाची पत्रिका जुळवताय काय! बरं एवढं करून वाक्याचा सांगाडा तोच, क्रम तोच, माहिती तीच, म्हणजे उचललेलं ते उचललेलंच, वर मराठी बिघडली ते वेगळंच.

आपल्या भाषेत तर हे जास्तच अंगाशी येतं, कारण शाळेत पाठ केलेले समानार्थी शब्द वाक्यात एकमेकांच्या जागी बसतातच असं नाही. पाण्याला जीवन म्हणतात म्हणून पाणीपट्टीची जीवनपट्टी करून बघा. 'कर' म्हणजे हातही, मग करवसुलीचं काय करणार? राकसकोप धरणातनं शहराला पाणी 'सोडलं' हे ठीक, पण 'उदक सोडलं' म्हटलं की कुणीतरी कशावर तरी हक्क सोडला असा अर्थ होतो. इंग्रजीतही हीच गत आहे. २०२१ मध्ये काही संशोधकांनी छापून आलेल्या शोधनिबंधांतनं असले पिळवटलेले शब्द शोधून काढले, तिथं ब्रेस्ट कॅन्सरचं 'बूझम पेरिल' (छातीचं संकट) झालं होतं आणि आर्टिफिशियल इंटेलिजन्सचं 'काउंटरफीट कॉन्शसनेस' (बनावट जाणीव). म्हणजे लपवायला म्हणून बदललेल्या शब्दांनीच चोरी पकडून दिली.

दुसरा मार्ग म्हणजे नव्यानं लिहिणं. सुरुवातीला वेळ जास्त जातो हे खरंय. पान दोनदा वाचायचं, पुस्तक मिटायचं, आणि घरात जो कुणी रिकामा बसलाय त्याला तोंडी सांगायचं, मग लिहायचं. मी भावाला पुस्तक मिटायला लावलं, तर तो बोलला ते असं: 'कृष्णेला मिळणारी मलप्रभा आमच्या तालुक्यातलीच, कणकुंबीला निघत्या, सौंदत्तीकडं नवलतीर्थाला धरण लागतंय आणि शेवटी कूडलसंगमला कृष्णेत जात्या.' झालं की! बोली थोडी सरळ केली की हे त्याचं वाक्य, धरणाचं तर पुस्तकातल्या त्या वाक्यात नव्हतंच. माहिती कुठनं घेतली ते मात्र सांगायचंच, वाक्य स्वतःचं असलं तरी, ही गोष्ट निम्मे लोक विसरतात.

आणि आपल्याकडची एक खास पळवाट, कन्नड पुस्तकातलं मराठीत करून घ्यायचं. कॉपी पकडणाऱ्या सॉफ्टवेअरला सापडणं अवघड, म्हणून बिनधास्त करतात. पण भाषांतर म्हणजे सगळेच शब्द बदलणं, विचार दुसऱ्याचाच राहतो, नाव द्यायला लागतंच. व्हायवाला, म्हणजे तोंडी परीक्षेला, समोरच्या सरांनी तेच कन्नड पुस्तक वाचलेलं असलं तर मग बसा.

तिसरं, जसंच्या तसं अवतरणचिन्हात टाकणं. कायद्याचं कलम, व्याख्या, कवितेची ओळ, कुणाचं गाजलेलं विधान, इथं एक शब्दही हलवू नका, सरळ अवतरण द्या आणि कुणाचं ते लिहा. फक्त पानंच्या पानं अवतरणं नकोत, मग तुम्ही काय केलात असं विचारतीलच.

टक्क्यांची भीती घालतात त्याबद्दल थोडं. यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) २०१८ च्या नियमांत दुसऱ्याच्या लिखाणाशी साम्य १० टक्क्यांपर्यंत असलं तर दंड नाही, १० ते ४० मध्ये ६ महिन्यांच्या आत सुधारून द्यायचं, ४० ते ६० मध्ये वर्षभर सुधारित प्रत देता येत नाही, ६० च्या वर विद्यार्थ्याची नोंदणीच रद्द. नीट उल्लेख करून दिलेली अवतरणं आणि संदर्भसूची त्या मोजणीत धरत नाहीत, म्हणजे जे लपवायला लोक रात्र जागतात ते उघड लिहिलं असतं तर मोजलंच गेलं नसतं.

शब्दबदल कधी करायचा मग? स्वतःच्याच लिखाणात. एकाच परिच्छेदात 'महत्त्वाचे' सहा वेळा आलं तर तीन ठिकाणी बदला, कोण नाही म्हणतंय. दुसऱ्याच्या पानावर मात्र माझं मत पुस्तक मिटण्याच्या बाजूनंच, आणि उद्याच सबमिशन असेल तर अवतरण टाकून मोकळं व्हा. भावाची अजून दोन प्रकरणं राहिलीत, रविवारी पुस्तक घेऊन येतो म्हणालाय, रिकामा बसणारा मीच.